बुधाजी कोल्हा आणि शालूचा धुरा

अकोल्यात मे महिन्यात भर दुपारी कूलर बंद करून बसणारा माणूस एक तर आजारी असतो, नाहीतर हट्टी. शालू निमकर्डे दुसऱ्या प्रकारातली. डाबकी रोडच्या मागच्या गल्लीत तिचं दोन खोल्यांचं घर आहे. सकाळी आणि संध्याकाळी ती भाजीची गाडी फिरवते. मधल्या वेळात, गल्लीतली कुत्रीसुद्धा नालीत जाऊन पडलेली असतात तेव्हा, ती दार लावते, खिडकीला गोधडी बांधते, कूलरचं बटण दाबून बंद करते आणि डोक्यावर ओला दुपट्टा घेऊन मोबाइलसमोर बसते. कूलरची घरघर रेकॉर्डिंगमध्ये येते म्हणून हा सगळा खटाटोप. पंचेचाळीस अंशांत घामानं निथळत ही बाई एका कोल्ह्याला आणि एका कोंबडीला भांडायला लावायची, आणि ते भांडण दिवेलागणीपर्यंत अमरावतीपासून शेगावपर्यंत लोकांच्या खिशात जाऊन पोचायचं.

मी तिचा मास्तर. हिवरखेडच्या शाळेत चौथीपासून सातवीपर्यंत मी तिला मराठी शिकवलं. शिकवलं असं आपलं म्हणायचं. पुढचं वाचून तुम्हीच काय ते ठरवा. निवृत्तीनंतर मी अकोल्यात मुलाकडे राहायला आलो, शालूही लग्न होऊन इथंच आलेली, आणि तिची गाडी आमच्या दारावरून जाते. मला राग लवकर येतो हे आधीच सांगून ठेवतो. हा मजकूर मी रागातच लिहायला घेतला होता.

कोल्हा आणि कोंबडी कुठून आले, तिथून सुरुवात करतो. तीसेक वर्षांपूर्वी दर रविवारी सकाळी टीव्हीवर एक जुनं परदेशी कार्टून लागायचं. त्याचं इंग्रजी नाव मी इथं लिहीत नाही, वकिलांना तेवढंच निमित्त पुरेल. डोक्यावर गोल टोपी आणि हातात लांब काठी घेतलेला एक कोल्हा, छत्री घेतलेली एक कोंबडी, आणि दोघांच्या अंगणांमध्ये लाकडी कुंपण. कोल्हा कुंपण ओलांडायला जातो, कोंबडी छत्री हाणते, कोल्हा आडवा. एवढीच गोष्ट, दर आठवड्याला नव्या तऱ्हेनं.

हिवरखेडच्या माळीपुऱ्यात तेव्हा एकच टीव्ही होता, शालूच्या मोठेबाबांचा, म्हणजे तिच्या वडिलांचे थोरले भाऊ पुंजाजी यांचा. एकदा व्होल्टेज वाढलं आणि टीव्हीचा आवाज जळाला. चित्र शाबूत राहिलं. दुरुस्तीला न्यायचं ठरलं होतं, पण पुढच्या रविवारी तीस-चाळीस पोरं येऊन बसली आणि मुक्या कोल्ह्याकडे बघून रडकुंडीला आली, तेव्हा पुंजाजींनी खाटेवर बसल्या बसल्या दोघांचे आवाज काढायला सुरुवात केली. कोल्ह्याचं नाव ठेवलं बुधाजी, कोंबडीचं जयवंता. तो टीव्ही मग कधीच दुरुस्त झाला नाही.

पुंजाजींचं स्वतःचं त्या वेळी शेजाऱ्याशी धुऱ्यावरून भांडण चालू होतं. धुरा म्हणजे दोन शेतांमधली मातीची हद्द. पुण्याकडे तिला बांध म्हणतात. आमच्याकडे सख्खे भाऊ एका ताटात जेवतील, पण धुरा वीतभर सरकला की तेल्हाऱ्याच्या कचेरीत भेटतील. त्यामुळे पुंजाजींना ते लाकडी कुंपण दिसलं ते धुरा म्हणूनच दिसलं. कोल्ह्याची काठी म्हणजे मोजणीची काठी. बुधाजी रोज काहीतरी निमित्त काढून धुरा हातभर सरकवायला येतो आणि जयवंता त्याला छत्री हाणून सांगते की धुरा इथंच आहे, हलला नाही, पटत नसेल तर सरकारी मोजणी आण. बुधाजी बोलायच्या आधी दोनदा खोकायचा, कारण पुंजाजी दोनदा खोकायचे. पोरांना वाटायचं, गोष्ट अशीच आहे. शालूलाही तसंच वाटलं, आणि ते तिला पुढची तीस वर्षं वाटत राहिलं.

पाच वर्षांपूर्वी पुंजाजी वारले. त्यांच्या तेरवीहून परतल्यावर शालूला मोबाइलवर ते जुनं कार्टून अचानक सापडलं. तिनं सवयीनं आधी आवाज बंद केला. मग दोनदा खोकून ती बुधाजी झाली. शेजारच्या खोलीतून तिचा नवरा मोतीराम धावत आला, कारण त्याला सासरेबुवांचे थोरले बंधू बोलल्याचा भास झाला. त्या दिवशी तिनं पहिला तुकडा रेकॉर्ड केला, दोन मिनिटांचा. माहेरच्या ग्रुपवर टाकला.

पुढचं सगळं पायाला चाकं लावल्यासारखं झालं. माहेरच्या ग्रुपवरून तो तुरीच्या भावाच्या ग्रुपवर गेला, तिथून परतवाड्याच्या एसटी कंडक्टरांच्या ग्रुपवर, तिथून कुठं कुठं. अचलपूरच्या एका मोबाइलवाल्यानं तिचं नाव कापून स्वतःच्या दुकानाचा फोटो चिकटवला आणि वर तिलाच पाठवला. म्हणून मग तिनं चॅनेल काढलं. एडिटिंग तीच शिकली, चुकतमाकत, वांगी तोलता तोलता. तेल्हाऱ्याच्या मोजणी खात्यातले कारकून टेबलाखाली मोबाइल धरून बुधाजी बघतात असं मला तिथल्याच एकानं सांगितलं. भाऊ-भाऊ कचेरीच्या पायरीवर भेटले की एक जण दोनदा खोकायचा आणि दुसऱ्याला हसू यायचं. चॅनेलवर एकशे बारा भाग झाले.

मग पत्र आलं. ईमेलनं, इंग्रजीतून, सहा पानी. शालूनं गाडी आमच्या फाटकाशी लावली आणि मोबाइल माझ्या हातात दिला. मी ओसरीवर बसून वाचून दाखवलं. कार्टूनची मालक कंपनी परदेशातली, तिचे वकील मुंबईतले. म्हणणं असं, की चित्रं आमची आहेत, तुम्ही ती परवानगीवाचून वापरली, चॅनेल बंद करा. इथपर्यंत मला राग आला नाही. चित्रं त्यांचीच होती. पण चौथ्या पानावर लिहिलं होतं की तुम्ही शिकारी आणि सावज हे दोन पात्रांमधलं मूळ नातं विकृत केलं आहे.

शालूनं विचारलं, शिकारी कोण? मी म्हणालो, कोल्हा. तिनं विचारलं, कशाची शिकार? मी म्हणालो, कोंबडीची, तो इतकी वर्षं तिला खायला येतो आहे. ती गाडीच्या दांड्याला धरून उभी राहिली. एकशे बारा भाग केलेल्या बाईला मूळ गोष्ट आज कळली होती. तिनं मूळ आवाज कधी ऐकलाच नव्हता. मग ती म्हणाली, "खायचंच असतं गुरुजी, तं एवढ्या वर्षांत खाल्लं नसतं का? त्याले धुराच पाह्यजे."

मला हसू आवरेना. ती मात्र हसली नाही. तिला चॅनेलची काळजी नव्हती, ते तिनं मला स्पष्ट सांगितलं. पुंजाजींचा एकही फोटो बोलत नाही, त्यांचा आवाज कुठंच नाही, जो आहे तो तिच्या घशात आहे आणि त्या तुकड्यांत आहे. तेवढा पुसला गेला तर माणूस दुसऱ्यांदा गेल्यासारखं होईल, असं ती म्हणाली. मग तिनं माझ्यासाठी काढून ठेवलेली सांबाराची जुडी, म्हणजे कोथिंबीर, पायरीवर ठेवली आणि गाडी ढकलत निघून गेली.

आठ दिवसांनी कंपनीचा माणूस आला. स्वप्निल नाव. मूळचा अमरावतीचा, आता पुण्यात. इस्त्रीचा शर्ट पाठीला चिकटलेला, पण वागायला गोड. शालूनं मला तिच्या घरी बोलावून घेतलं होतं. मोतीराम दाराशी उभा होता. स्वप्निलनं आधी ताक मागून घेतलं, दोन पेले प्याला आणि म्हणाला की त्याची आई अमरावतीत हे भाग रोज बघते आणि डोळ्यांत पाणी येईस्तोवर हसते. मग त्यानं कागद काढले. कंपनी तेच कार्टून आता अधिकृतपणे मराठीत आणणार होती. शालूच्या प्रेक्षकांचे आकडे बघून त्यांनी ठरवलं होतं की कोंबडीचा आवाज तिनंच द्यावा. मानधन मिळेल, नाव झळकेल, वकिलांचं प्रकरण मिटेल. फक्त तिनं एक माफीचा व्हिडिओ टाकायचा, की मी अज्ञानानं पात्रांची मोडतोड केली. धुरा वगैरे काढायचा. बुधाजी पुन्हा कोल्हा होणार, त्याचा आवाज मुंबईचा एक नट देणार. आणि कोंबडी सगळ्यांना कळेल अशा मराठीत बोलणार.

सगळ्यांना कळेल अशी म्हणजे कशी, असं मी विचारलं. माझा आवाज चढला होता. त्यानं मला शांत करायला हात वर केला आणि शालूकडे वळून म्हणाला, "वऱ्हाडी आम्ही पूर्ण काढत नाही आहोत, ताई. गाढवाचं एक पात्र आहे, ते बोलेल वऱ्हाडी. लोकांना मजा येते."

मी त्याला उठून दार दाखवणार होतो. पण शालू त्याच्याकडे बघतच नव्हती. ती माझ्याकडे बघत होती.

"गुरुजी," ती म्हणाली, "तुमी मले झाड केलं होतं. आठवते?"

आठवत होतं. आठवत नाही असं म्हणायची सोय असती तर मी म्हटलं असतं. ती सहावीत असताना स्नेहसंमेलनात मी जंगलातल्या प्राण्यांचं नाटक बसवलं होतं. शालूला सगळ्यांचे संवाद पाठ होते, सगळ्यांचे आवाज येत होते. वर्गात तिच्याइतकं जिवंत बोलणारं दुसरं पोर नव्हतं. पण तालुक्याहून साहेब येणार होते, आणि शालूची बोली मला गावठी वाटली. म्हणून मी ग्रामसेवकाच्या मुलीला राणी केलं, डॉक्टरांच्या मुलाला राजा केलं आणि शालूच्या दोन्ही हातांत निंबाच्या फांद्या देऊन तिला मागं उभं केलं. चाळीस मिनिटं. तिचे हात थरथरत होते, पण तिनं ते खाली घेतले नाहीत. नाटक संपल्यावर मी तिच्या पाठीवर थाप मारून म्हणालो होतो, झाड छान झालं. ही शाबासकी होती, असं मला त्या वेळी मनापासून वाटलं होतं. शालूच्या त्या खोलीत, स्वप्निलच्या कागदांसमोर, मला स्वतःची फार लाज वाटली. स्वप्निल माझ्याहून वेगळं काय करत होता? मी झाड केलं, तो गाढव करत होता. त्यानं निदान संवाद तरी देऊ केले होते.

शालूनं कागद घडी घालून त्याच्या हातात परत दिले. तिचा आवाज जराही चढला नव्हता.

"चित्र तुमचे हायेत. ते मी आजच्या आज काढून टाकीन, तुमाले सांगा लागनार नाही. पण आवाज माहा हाय, अन् बुधाजीचा माह्या मोठेबाबाचा हाय. त्याची माफी मी कायची मागू? धुरा अठीच हाय, दादा. पटत नसन तं मोजनी आना."

स्वप्निल कागद बॅगेत घालत राहिला. जाताना तो मला हळूच म्हणाला, सर, तुम्ही समजवा त्यांना, कोर्टात फार त्रास होतो. मी म्हणालो, मी आतापर्यंत पुष्कळ समजावलं आहे, तेच निस्तरतो आहे.

त्या दुपारी शालूनं एकशे बारा भाग एकेक करून काढून टाकले. मी शेजारी बसलो होतो. कूलर सुरू होता, कारण रेकॉर्डिंग नव्हतं. गार हवेत बसून ती पुसत होती. पहिला भाग तिनं शेवटी ठेवला होता, तेरवीनंतरचा, दोन मिनिटांचा. तो तिनं एकदा पूर्ण लावला. बुधाजी दोनदा खोकला तेव्हा ती रडली, लपवलं नाही, आणि मग बटण दाबलं. मी वकिलांना इंग्रजीतून तीन ओळी लिहिल्या. चित्रं काढून टाकली आहेत, माफी मिळणार नाही, आवाजाबद्दल काही म्हणणं असेल तर कळवा. खाली तिची सही, माझा फोन नंबर.

आम्हाला वाटलं, संपलं. मला तरी वाटलं. चारच दिवसांनी सकाळी मी दाढी करत असताना गल्लीतून पुंजाजी खोकले. दोनदा. मी तोंडाला फेस लावलेला तसाच फाटकाशी आलो. शालूची गाडी येत होती. गाडीच्या दांड्याला बॅटरीवरचा भोंगा बांधलेला, ज्यावर एरवी कांदे घ्या, बटाटे घ्या चालू असतं. त्यातून जयवंता विचारत होती, बुधाजी, धुऱ्यावर काहून उभा हायस? बुधाजी म्हणत होता, मोजून राहिलो. जयवंता म्हणत होती, मोजू नोको, वांगे घे, भरताचे हायेत, धुरा अठीच हाय. भोंग्याला पडदा नसतो. चित्र कोणाचंच नव्हतं. गल्लीतल्या बाया पदर सावरत दारात आल्या होत्या आणि त्यांना कोल्हा दिसत होता.

आठवडाभरात पिंकीनं तो आवाज मागितला. पिंकी बाजारात फुलं विकते, शालूची जुनी मैत्रीण. तिच्यासाठी शालूनं झेंडूचं भांडण बनवलं. मग संत्रावाले आले, कांदेवाले आले, चादरीवाला आला. शालूनं सगळ्यांना फुकट करून दिलं, अट एकच, मधला खोकला कापायचा नाही. मेमरी कार्डं एसटीत बसून परतवाड्याला गेली, अमरावतीच्या गल्ल्यांत गेली, कार्तिकात कौंडण्यपूरच्या जत्रेत पेढ्याच्या दुकानावर वाजली. लोकांनी रस्त्यावरच्या गाड्यांचेच व्हिडिओ काढून पुन्हा मोबाइलवर टाकले. आता त्यांत चित्र होतं ते टोमॅटोच्या ढिगाचं, आणि टोमॅटोच्या ढिगावर कोणाची मालकी नसते.

कंपनीचं अधिकृत मराठी कार्टून मध्यंतरी आलं. मी पाहिलं. कोंबडी फार शुद्ध बोलते, अगदी मी शिकवल्यासारखी. खाली बघणाऱ्यांनी लिहिलेल्या शेऱ्यांत एकच प्रश्न पुन्हा पुन्हा दिसत होता, की धुरा कुठं आहे. तेव्हा स्वप्निलचा मला फोन आला. फारच कानकोंडा झाला होता बिचारा. वरचे लोक विचारतात म्हणाला, गाड्यांवरचा तो आवाज थांबवता येईल का, पात्रं तीच वाटतात. चाळीस वर्षं मी हिशोबानं शुद्ध बोललो, घरात बायकोशीसुद्धा. त्या दिवशी परक्या माणसाशी पहिल्यांदा माझ्या आईच्या बोलीत बोललो. मी म्हणालो, "पटत नसन तं मोजनी आना म्हना त्यायले." पलीकडे तो हसला. अमरावतीचाच तो.

आता शालू नवं काहीतरी करते आहे. चित्र नसलेले, नुसत्या आवाजाचे मोठे भाग, अर्ध्या-अर्ध्या तासाचे. धुऱ्यावरचं अख्खं गाव येणार आहे त्यात. मी तिला जरा आडून सुचवलं की तलाठ्याचा आवाज मला जमेल. माझं उच्चारण चांगलं आहे, हेही सांगितलं. ती म्हणाली, तलाठी मोतीराम करणार. मग म्हणाली, तुमच्यासाठी एक काम आहे, धुऱ्यावर बाभूळ लागते.

मी म्हणालो, आवाजाच्या नाटकात बाभूळ कशाला? त्यावर तिचं उत्तर तयार होतं. बोलताना तिला समोर काहीतरी लागतं, नाहीतर धुरा नेमका कुठं आहे ते बुधाजीला कसं कळणार? संवाद नाही. खोकायचं नाही, हलायचं नाही. तिच्या डोळ्यांत मला काही दिसलं नाही, ना राग ना थट्टा, आणि मी हो म्हणालो.

काल दुपारी पहिलं रेकॉर्डिंग झालं. यंदाचा मे मागच्यापेक्षा वाईट आहे. शालूनं दार लावलं, खिडकीला गोधडी बांधली, कूलरचं बटण दाबलं. मोतीरामनं घसा साफ केला. मी खोलीच्या मधोमध उभा राहिलो, दोन्ही हात थोडे वर धरून, कारण तिनं तसंच सांगितलं होतं. दहा मिनिटांत खांदे भरून आले. पंधरा मिनिटांनी घामाचा थेंब नाकाच्या टोकावर येऊन थांबला. बुधाजी माझ्या डाव्या बाजूनं आला, दोनदा खोकला, काठीनं माती उकरू लागला. जयवंता उजवीकडून ओरडली. समोर कोनाड्यात ठेवलेला माझा फोन, आवाज बंद केलेला, एकदम उजळला. त्यावर स्वप्निलचं नाव होतं. शालूनं बोलता बोलता एकदा फोनकडे पाहिलं, एकदा माझ्या हातांकडे.

मी झाड होतो. हात खाली घेतले नाहीत.